सुमित्रा भावे : ‘बाई’पासून ‘दिठी’पर्यंत

‘अष्टपैलू’ या विशेषणाविषयी माझ्या मनात जुनी अढी आहे. मराठीत ते बहुधा मृत्युलेखांत आणि सत्कारसमारंभांत वापरले जाते, आणि वापरणाऱ्याला त्या माणसाच्या एकाही कामाबद्दल नेमके काही म्हणायचे नसले की फार सोयीचे पडते. १९ एप्रिल २०२१ रोजी सुमित्रा भावे गेल्या तेव्हा ते पुन्हा कानावर येऊ लागले. त्याला आधार नव्हता असे नाही. कथा, पटकथा, संवाद, दिग्दर्शन, कलादिग्दर्शन, वेशभूषा अशी नाना कामे त्या स्वतः करीत. पन्नासहून अधिक लघुपट आणि बारा-चौदा पूर्ण लांबीचे चित्रपट त्यांच्या नावावर आहेत. विषय पाहावेत तर दुष्काळी गावातल्या दोन बहिणी, दहावीची शेवटची तुकडी, कोसळता वाडा, स्किझोफ्रेनिया, अंगावरचे पांढरे डाग, माहितीचा अधिकार, स्मृतिभ्रंश, समुद्री कासवे, वारकरी लोहार. एवढ्या सगळ्याची मोळी बांधायची तर ‘अष्टपैलू’इतकी लांब दोरी दुसरी नाही. मला मात्र हे चित्रपट पुन्हापुन्हा पाहताना असे वाटू लागले आहे की ही विविधता वरवरची आहे. एकच चौकशी त्यांनी पस्तीस वर्षे चालवली. घराचा आणि गावाचा नेहमीचा व्यवहार ज्या माणसाला आपल्यातून बाहेर काढतो त्याचे पुढे काय होते, आणि त्याला परत आत घ्यायचे कोणी, ही ती चौकशी.

‘चौकशी’ हा शब्द मुद्दाम वापरतो आहे. भावे चित्रपटाच्या शाळेतून आल्या नव्हत्या. १९४३ साली पुण्यात जन्मलेल्या या बाई मूळच्या समाजशास्त्राच्या अभ्यासक. पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत त्यांनी शिकवले, आकाशवाणीवर मराठी बातम्या दिल्या आणि ‘स्त्रीवाणी’ या प्रकल्पासाठी वस्त्यांमधल्या स्त्रियांच्या मुलाखती घेतल्या. आठ दलित स्त्रियांची आत्मकथने त्यातून सिद्ध झाली. १९८८ मध्ये ती गेल ऑम्व्हेट यांच्या इंग्रजी अनुवादात ‘पॅन ऑन फायर’ या नावाने प्रसिद्ध झाली. अडचण अशी की ज्या बायकांचे बोलणे टिपले होते, त्यांना ते वाचता येणार नव्हते. ज्यांच्याविषयी अभ्यास, नेमके त्यांच्यापर्यंतच तो पोहोचत नाही, या बोचणीतून १९८५ मध्ये ‘बाई’ हा लघुपट झाला. तेव्हा त्यांचे वय बेचाळीस होते आणि चित्रपट करण्याचे कोणतेही रीतसर शिक्षण गाठीशी नव्हते.

साहित्याच्या विद्यार्थ्यांनी या घटनेपाशी जरा थांबावे असे मला वाटते. माध्यम बदलण्याची कारणे कलावंत सहसा सौंदर्यशास्त्रात शोधतात. इथे कारण वाचकाच्या निरक्षरतेत आहे. आपल्याकडे १९७८ च्या ‘बलुतं’पासून दलित आत्मकथनांची जी थोर परंपरा उभी राहिली, तिच्यातल्या कितीतरी आया आपल्या लेकरांनी लिहिलेले आपले आयुष्य वाचू शकल्या नाहीत. समीक्षेने त्या आयांबद्दल पुष्कळ लिहिले, पण त्या वाचू शकत नाहीत ही वाङ्मयीन अडचण आहे असे आपल्याला फारसे वाटले नाही. भाव्यांना ते वाटले.

हे मी देऊळघाटात बसून लिहितो आहे. बुलढाण्यापासून थोड्याच अंतरावरचे, पैनगंगेच्या काठचे हे गाव. नदी उगमापासून अजून लांब आलेली नाही, त्यामुळे इथे ती पावसाळ्यापुरती नदी असते. वाचता न येणाऱ्या बायकांसाठी म्हणून सुरू झालेला हा चित्रपट-व्यवहार आमच्या गावातल्या अशा बायकांपर्यंत कसा आला, याचा हिशेब मी मांडून पाहिला. थिएटरातून तो कधीच आला नाही. ‘दोघी’ दूरदर्शनमुळे दिसला. ‘दहावी फ’ची व्हीसीडी एका शिक्षक-प्रशिक्षणात मिळाली. ‘अस्तु’ पाहायला मी पुण्याला गेलो होतो. ‘कासव’ला २०१६ या वर्षाचे सुवर्णकमळ मिळाले, ‘श्यामची आई’, ‘श्वास’, ‘देऊळ’ आणि ‘कोर्ट’ यांच्यानंतर तो मान मिळवणारा हा पाचवा मराठी चित्रपट. तरीही आमच्या बाजूच्या पडद्यावर तो लागल्याचे मला आठवत नाही. ‘दिठी’ मोबाइलवर पाहिला. स्वतंत्र चित्रपटाच्या वितरणावर लेख लिहिणाऱ्यांनी ही यादी विचारात घ्यायला हरकत नाही.

‘दोघी’ १९९५ चा. राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ आणि दूरदर्शन यांच्या पैशांतून झालेला. गौरीच्या लग्नाच्या दिवशीच वऱ्हाडाच्या गाडीला अपघात होतो, नवरदेव जातो, आणि गौरी अपशकुनी ठरते. बाप खचतो, घर बसते. मामा तिला मुंबईला नेतो. तिथे तिच्या वाट्याला जे येते त्यातून पैसे गावाकडे येत राहतात, आणि ते कुठून येतात हे घराने न विचारता ओळखलेले असते. मग धाकट्या कृष्णाचे लग्न ठरते आणि गौरी गावी येते. रेणुका दफ्तरदार आणि सोनाली कुलकर्णी या दोघी बहिणी, उत्तरा बावकर त्यांची आई. या चित्रपटातल्या गाण्यासाठी अंजली मराठे यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि ते गाणे पुढे चित्रपटापेक्षा अधिक फिरले. मला त्यातली शांतता अधिक लक्षात राहिली आहे. आई आणि मुलगी एका खोलीत असतात आणि एकमेकींकडे पाहत नाहीत, अशा जागा ‘दोघी’त पुष्कळ आहेत, दिग्दर्शक तिथे काहीही समजावून सांगत नाही.

हा चित्रपट आमच्या घरी आत्याने पाहिला. आत्याचे लग्न १९७० च्या सुमारास झाले, आणि आठ महिन्यांनी विहीर खणताना दरड कोसळून तिचा नवरा गेला. सासरच्यांनी तिला पांढऱ्या पायाची म्हटले आणि ती देऊळघाटला परत आली ती कायमची. आम्हा भावंडांना तिनेच वाढवले. घरात साखरपुडा असो की बारसे, सगळा स्वयंपाक तिच्या हातचा असे आणि ओवाळायची वेळ आली की ती चुलीपाशी असे. कोणी तिला तसे सांगत नसे. आता सांगायची गरज उरली नव्हती. ‘दोघी’ दूरदर्शनवर लागला तेव्हा ती उंबऱ्याला टेकून शेवटपर्यंत बसली. चित्रपटाच्या अखेरीस गौरीला पत्करायला तयार असलेला, नव्या विचारांचा एक तरुण आहे. टीव्ही बंद झाल्यावर आत्या म्हणाली, “तो पोरगा सोडून बाकी सारं खरं हाये. काहून रे बापू, असा मानूस आपल्या गावात कुठून येईन?”

‘दोघी’विषयी मी पुढे जी समीक्षा वाचली तिच्यात या एका वाक्याइतके काटेकोर मला काही मिळाले नाही. भाव्यांच्या चित्रपटातले दुखणे नेमके इथे आहे. बाहेर टाकलेल्या माणसाचे ऐकून घेताना त्या कोठेही चुकत नाहीत. त्याला परत आत घेण्याची वेळ आली की मात्र एखादा समजूतदार माणूस बाहेरून आणावा लागतो: तरुण कार्यकर्ता, मनोविकारतज्ज्ञ, प्रेमळ शिक्षक, अमेरिकेहून परतलेली स्त्री. तो माणूस बोलू लागला की संशोधिका मागे सरते आणि समुपदेशिका पुढे येते. ‘दहावी फ’मध्ये हे खपून जाते, कारण शाळेत शिक्षक असतोच. अतुल कुलकर्णींचा तो मास्तर, प्रयोगशाळा फोडणाऱ्या मुलांना घेऊन नुकसानभरपाई कमवायला निघणारा, आमच्या शिक्षकांना इतका आवडला की पुढे कित्येक दिवस शिक्षक-खोलीत त्याचीच चर्चा होती. तुकड्या मात्र हुशारीनुसारच पाडल्या जात राहिल्या. हा दोष चित्रपटाचा नाही.

या बाहेरच्या माणसाचे आर्थिक मूळही पाहिले पाहिजे, कारण ते पाहिले नाही तर टीका अन्यायाची होईल. निर्माता पाठीशी नसताना माणूस एवढे चित्रपट कसे करतो? कधी सरकारी महामंडळ, कधी दूरदर्शन, ‘देवराई’च्या वेळी स्किझोफ्रेनियाग्रस्तांसाठी काम करणाऱ्या संस्थेचे साहाय्य, कधी डॉक्टर मित्र, पुढे मोहन आगाशे, जे नट आहेत, मनोविकारतज्ज्ञ आहेत आणि ‘अस्तु’, ‘कासव’च्या वेळी निर्मितीतही होते. आगाशे हे चित्रपट गावोगाव नेत आणि खेळानंतर प्रेक्षकांशी चर्चा करीत. पैसा असा प्रश्नाच्या दारातून येतो तेव्हा चित्रपटाच्या कपाळावर त्या प्रश्नाचे नाव चिकटते, आणि ‘हा अमक्या आजारावरचा चित्रपट’ एवढीच त्याची ओळख उरते. भावे आणि त्यांचे सहदिग्दर्शक सुनील सुकथनकर यांनी हा सौदा डोळे उघडे ठेवून केला असे मला वाटते. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले, वयाने वीसेक वर्षांनी लहान असलेले सुकथनकर ऐंशीच्या दशकात त्यांच्याबरोबर आले. चित्रपटांतली बहुतेक गाणीही त्यांचीच. एका न शिकलेल्या आणि एका शिकलेल्या दिग्दर्शकाची इतकी दीर्घ जोडी आपल्याकडे दुसरी नसावी.

‘वास्तुपुरुष’ (२००२) आमच्या वाचकांना अधिक जवळचा वाटेल. एलकुंचवारांचे ‘वाडा चिरेबंदी’ १९८५ चे. विदर्भातला वाडा, जमीन गेलेली, ट्रॅक्टर अंगणात गंजत पडलेला. ‘वास्तुपुरुष’मध्येही कूळकायद्यानंतरचा ब्राह्मणी वाडा आहे, पुरलेल्या धनाचा शोध आहे. आणि गंमत अशी की वयोवृद्ध डॉक्टर होऊन गावी परतणाऱ्या भास्करच्या भूमिकेत खुद्द महेश एलकुंचवार आहेत. दोन्ही वाड्यांत फरक काय? एलकुंचवारांच्या वाड्यात पतनाचे दुःख वाड्यातल्यांचे आहे. भाव्यांच्या वाड्यात एक आई आहे, जिला पूर्वजांनी गावातल्या खालच्या जातींशी जे केले त्याचे ओझे वाटते आणि मुलाने डॉक्टर होऊन ते फेडावे असे वाटते. उत्तरा बावकरांनी ही बाई हट्टी केली आहे, हळवी अजिबात नाही. कलाकृती म्हणून मी ‘वाडा चिरेबंदी’ वरच ठेवीन. पण वाड्याबाहेर कोण राहत होते हा प्रश्न ‘वास्तुपुरुष’ने विचारला, आणि तो आतूनच, आईच्या तोंडून विचारला. इथे परक्या माणसाची गरज लागली नाही.

‘हा भारत माझा’, ‘घो मला असला हवा’ या चित्रपटांवर मी थांबत नाही. पहिला २०११ च्या भ्रष्टाचारविरोधी आंदोलनाच्या उष्णतेत केलेला आहे आणि ती उष्णता ओसरल्यावर त्यात फार उरत नाही. दुसरा हलकाफुलका आहे, आणि हलके होणे त्यांच्या हाडात नव्हते. ‘एक कप च्या’ त्या मानाने सरस. एसटीच्या कंडक्टरला आलेले विजेचे अवाढव्य बिल आणि माहितीच्या अधिकाराचा अर्ज एवढ्या सामग्रीवर किशोर कदमांनी एक साधा, चिवट माणूस उभा केला आहे.

‘अस्तु’ मात्र भाषेच्या अभ्यासकांनी आवर्जून पाहावा. चक्रपाणी शास्त्री हे संस्कृतचे निवृत्त पंडित. स्मृती जाते आहे. मुलीबरोबर मोटारीतून जाताना रस्त्यात हत्ती दिसतो, आणि ते उतरून हत्तीच्या मागे चालू लागतात. पुढचा चित्रपट दोन वाटांनी जातो: मुलगी त्यांना शोधते आहे, आणि ते माहुताच्या झोपडीत आहेत. माहुताची बायको चन्नम्मा कन्नड बोलणारी. पंडिताची मराठी ओसरत चालली आहे, पाठ केलेले संस्कृत अधूनमधून उगवते, आणि तिला दोन्हींतले काहीच पुरते कळत नाही. ती त्यांना लेकरासारखे भरवते, धुते. ते तिला आई म्हणतात. आयुष्यभर शब्दार्थाचा विचार केलेल्या माणसाचा सांभाळ त्याच्या शब्दांचा अर्थ न कळणाऱ्या बाईने करावा, ही योजना कागदावर फार हुशारीची वाटते. पडद्यावर ती हुशारी जाणवत नाही, याचे श्रेय मोहन आगाशे आणि अमृता सुभाष यांना आहे. अमृता सुभाष यांना साहाय्यक अभिनेत्रीचा आणि भाव्यांना संवादांचा राष्ट्रीय पुरस्कार याच चित्रपटासाठी मिळाला. ज्या चित्रपटात भाषा विरत जाते त्याच्या संवादांना पुरस्कार मिळावा, हे मला उचित वाटते.

‘कासव’कडे वळताना माझी थोडी चलबिचल होते. २००६ मध्ये केंद्र सरकारने विदर्भातल्या सहा शेतकरी-आत्महत्याग्रस्त जिल्ह्यांसाठी पॅकेज जाहीर केले, त्यांत बुलढाणा होता. त्या यादीच्या सावलीत वाढलेल्या माझ्या विद्यार्थ्यांसाठी आत्महत्या ही बातमी नाही, गल्लीतले घर आहे. ‘कासव’मधला तरुण जीव द्यायला निघालेला आहे आणि त्याच्यावर कर्ज नाही. जानकी त्याला कोकणातल्या समुद्राकाठच्या घरी ठेवते, काही विचारत नाही, उपदेश करीत नाही. कासवीची अंडी जपावीत तसे त्याला फक्त जपले जाते. पहिल्यांदा पाहिला तेव्हा माझ्या मनात आले की बरे होण्यासाठी समुद्र, घर, ड्रायव्हर आणि सवड ज्याला मिळते त्याची ही गोष्ट आहे. आमच्याकडे सोयाबीनची काढणी थांबत नाही. हा आक्षेप मी अजून मागे घेतलेला नाही. पण हेही खरे की आमच्याकडे आत्महत्येचा विचार रुपयांतच केला जातो. पंचनामा होतो, सात-बारा पाहिला जातो, पात्र की अपात्र ठरते. त्या माणसाला महिनोनमहिने झोप लागत नव्हती, तो जेवताना बोलत नव्हता, हे सांगायला आमच्याकडे रकाना नाही. ‘कासव’ त्या रकान्याविषयी आहे.

आणि ‘दिठी’. द. बा. मोकाशी यांच्या ‘आता आमोद सुनासि आले’ या कथेवरचा हा चित्रपट भाव्यांनी एकटीने दिग्दर्शित केला. २०१९ मध्ये पूर्ण झाला, महोत्सवांतून फिरला आणि लोकांपुढे आला तो त्यांच्या मृत्यूनंतर, मे २०२१ मध्ये. कथेचे शीर्षक ‘अमृतानुभवा’तले, सुगंधच नाक झाला, भोगणारा आणि भोगले जाणारे यांत भेद राहिला नाही, असा तो अनुभव. वर्षानुवर्षे वारी केलेल्या रामजी लोहाराचा तरुण मुलगा पुरात गेला आहे. पाऊस धरून आहे, पोथी वाचली जाते आहे, आणि ज्याने आयुष्यभर ती ऐकली त्याला तिच्यातला एक शब्दही आता लागू पडत नाही. घरात विधवा सून बाळंत झाली आहे, मुलगी झाली आहे, आणि रामजी त्या पोरीचे तोंड पाहायला तयार नाही. गेलेल्या मुलाचा राग त्याने सुनेवर काढला आहे.

म्हणजे चोवीस वर्षांनी भावे पुन्हा ‘दोघी’च्या दाराशी आल्या होत्या. पुरुष मेला आणि दोष बाईच्या पायांवर गेला. या वेळी मात्र कोणी समजूतदार तरुण येत नाही. गावातल्याच एका घरची गाय अडली आहे आणि रामजीच्या हाताला अडलेली गाय सोडवण्याची कला आहे, म्हणून त्याला बोलावणे येते. पोथीपाशी बसलेला रामजी उठतो. किशोर कदम पुढे जे करतात त्याचे वर्णन मला जमणार नाही. चेहऱ्यावर फारसे काही होत नाही, हात काम करतात. मोकाशींच्या गद्याला रामजीच्या मनात शिरता येते, चित्रपटाला फक्त त्याच्या कोपरापर्यंत जाता येते, आणि भाव्यांनी तेवढ्यावर भागवले आहे. समजावून सांगणारा कोणी नाही. ज्याने बाहेर टाकले त्याच्याच हातांना आत घेणे शिकावे लागते.

तो मे महिना आमच्या गावातही वाईट होता. आदल्या वर्षी पालख्या पायी निघाल्याच नव्हत्या. पादुका एसटीतून पंढरपूरला गेल्या होत्या. आमच्या मागच्या आळीत तीस वर्षे माळ घातलेले एक गृहस्थ आहेत; त्यांचा मुलगा दुसऱ्या लाटेत गेला, आणि दहाव्याला कीर्तन ठेवायचे का, या प्रश्नाला त्यांनी उत्तरच दिले नाही. आत्याला तेव्हा मोतीबिंदूमुळे मोबाइलचा पडदा दिसत नव्हता. मी ‘दिठी’ लावला आणि ती शेजारी बसून ऐकत राहिली: पाऊस, पोथीचा सूर, गोठ्यातला गाईचा कण्हण्याचा आवाज. मध्ये तिने एकदाच विचारले, “मोकळी झाली का रे गाय?” झाली म्हटल्यावर, “कालवड का गोऱ्हा?”

गेली दोन वर्षे मी पदवीच्या मुलांना मोकाशींची कथा आधी वाचायला देतो आणि मग ‘दिठी’ दाखवतो. या वर्षी त्याआधी ‘दोघी’ दाखवायचे ठरवले आहे, आणि मुलांनी आपापल्या घरच्या एखाद्या वाचता न येणाऱ्या बाईला सोबत आणावे असेही सुचवले आहे. वर्गातल्या सतरा मुलींपैकी नऊ जणींनी आजीचे नाव दिले आहे, तिघींनी आईचे. मुलांपैकी एकानेच विचारले, बाबांना आणले तर चालेल का. प्रोजेक्टर मिळाला आहे. दुपारचे भारनियमन किती वाजता असते ते पाहून वेळ ठरवायची आहे.